तळ्यातली राणी, वकीलीणबाई आणि लीलची झाडूवाली

गेल्या अंकात मी फ्रेंच मालिकांबद्दल चार ओळी खरडल्या होत्या. त्यात ‘तांबूस केसांची ती नटी आता फ्रान्सच्या घराघरांत पोचली आहे’ असं एक वाक्य होतं, आणि नाव द्यायचं राहून गेलं होतं. चूक माझीच. तिचं नाव ओद्रे फ्लरो. यावेळची बहुतेक पत्रं तिच्यावरच फिरत असल्यामुळे बाकीचे प्रश्न पुढच्या अंकासाठी ठेवले आहेत. घाणेरीच्या फुलांबद्दल विचारणाऱ्या काकांनी रागावू नये.

प्रश्न : ताई, ‘इंग्लिश विंग्लिश’मध्ये शशी गोडबोलेच्या इंग्रजीच्या वर्गात एक फ्रेंच शेफ होता. पुढे तो कुठे दिसलाच नाही. आमची ही म्हणते की तो नट नव्हताच, खराखुरा शेफ होता. पैज लागली आहे, निकाल द्या. (एक वाचक, ठाणे)

उत्तर : वहिनी पैज हरल्या. त्याचं नाव मेदी नेबू आणि तो पक्का नट आहे. ‘इंग्लिश विंग्लिश’च्या सात वर्षं आधी स्पीलबर्गच्या ‘म्युनिक’मध्येही तो होता. पण वहिनींची चूक मला समजते. श्रीदेवी हिंदीत बोलते, हा फ्रेंचमध्ये उत्तर देतो आणि दोघांचं एकमेकांशी बरोब्बर जमतं, तो प्रसंग इतका सहज झाला होता की हा माणूस अभिनय करतोय असं वाटलंच नाही.

‘पुढे दिसलाच नाही’ हे मात्र आपल्याकडून पाहिलं तर. फ्रान्समध्ये तो २०२१ पासून दर वर्षी वसंतात लोकांच्या दिवाणखान्यात येत होता. मालिकेचं नाव ‘आश-पे-ई’. फ्रेंचमध्ये एच, पी, आय ही अक्षरं अशी म्हणतात. ‘ओ पोतांसिएल एंतेलेक्तुएल’ म्हणजे असामान्य बुद्धिमत्ता, त्याची ही आद्याक्षरं. त्यात मेदी नेबू उत्तर फ्रान्समधल्या लील शहराच्या गुन्हे शाखेतला अधिकारी आहे, आदाम कारादेक. शिस्तीचा, इस्त्रीचा, सगळं नियमानं करणारा. त्याच्या आयुष्याची घडी विस्कटून टाकणारी मॉर्गान आल्वारो म्हणजे आपल्या ओद्रेबाई.

मॉर्गान रात्री पोलिसांच्या कचेरीत साफसफाई करते. तीन मुलं, दोन वेगळे बाप, बिबट्याच्या ठिपक्यांचे कपडे, आखूड स्कर्ट, तोंडाळ स्वभाव आणि बुद्ध्यांक १६०. पहिल्या भागात कानात गाणी लावून नाचत नाचत पुसताना एका प्रकरणाची फाइल तिच्या धक्क्यानं खाली पडते. कागद उचलताना तिचं लक्ष फोटोंकडे जातं आणि ती पोलिसांच्या फळ्यावरची चूक सरळ दुरुस्त करून घरी जाते. दुसऱ्या दिवशी पोलीस तिला पकडून आणतात, ते अर्थात शाबासकी द्यायला नव्हे.

२९ एप्रिल २०२१ ला तेएफ-१ या वाहिनीवर पहिला भाग लागला आणि त्या रात्री जवळजवळ एक कोटी लोकांनी तो पाहिला. फ्रान्सची लोकसंख्या पावणेसात कोटींच्या आसपास, त्यावरून अंदाज करा. ओद्रे तेव्हा ४३ वर्षांची होती आणि सोळा वर्षं टीव्हीवर होती.

पुढच्या वर्षी मे-जूनमध्ये मी लीलला धाकटीकडे राहायला होते. खालच्या मजल्यावर ब्याऐंशी वर्षांच्या एक मादाम होत्या. दर गुरुवारी रात्री नऊला मला बोलावणं असायचं. चिकोरीची कॉफी (उत्तर फ्रान्समध्ये ती अजून नेटानं पितात, आपल्या फिल्टर कॉफीतली चिकोरी आठवली), लोकरीचा गुंडा आणि टीव्हीवर मॉर्गान. एकामागून एक दोन भाग लागत, संपायला अकरा वाजत. पडद्यावर ओळखीची गल्ली आली की मादाम सुया थांबवून सांगत, “इथं माझ्या नवऱ्याचं पायताणांचं दुकान होतं.” तीन गुरुवारी तीन वेगळ्या गल्ल्यांत ते दुकान होतं. मी काही बोलले नाही.

प्रश्न : नाव नक्की कसं म्हणायचं? ऑड्री फ्ल्युरॉट? (बी.ए.ची विद्यार्थिनी, अमरावती)

उत्तर : शेवटचा ‘ट’ गिळायचा. ओद्रे फ्लरो. ‘फ्ल’नंतरचा स्वर आपल्याकडे नाही. ‘ए’ म्हणायला तोंड उघडा आणि ओठ ‘ओ’चे करा. आरशासमोर करा, दारासमोर नको.

प्रश्न : मी तीन वर्षं एका मराठी दैनंदिन मालिकेत काम करते आहे. महिन्यातले बावीस-तेवीस दिवस सेटवर. नाटक सुटलं, एक सिनेमा हातचा गेला. तुम्ही लिहिलं होतं की ही बाई एकाच काळात तीन मालिका करत होती. हे कसं शक्य आहे? (एक अभिनेत्री, नाशिक)

उत्तर : तुमचं पत्र मी दोनदा वाचलं. या प्रश्नाचं उत्तर म्हणजेच ओद्रे फ्लरोची कारकीर्द, त्यामुळे जरा सविस्तर लिहिते.

२००५ हे तिचं वर्ष धरा. जानेवारीत एम-६ वाहिनीवर ‘कामलोत’ सुरू झाली. राजा आर्थर आणि त्याच्या बावळट सरदारांची विनोदी मालिका, एकेक भाग जेमतेम साडेतीन मिनिटांचा. त्यात ओद्रे तळ्यातली राणी. देवांनी आर्थरला मार्ग दाखवायला पाठवलेली. गंमत अशी की ती फक्त आर्थरला दिसते. त्यामुळे ती काही सांगायला आली की बाकीच्यांना वाटतं, महाराज भिंतीशी बोलताहेत. भूमिका लहान, पण पांढऱ्या पोशाखातला तिचा तो वैतागलेला चेहरा लोकांनी लक्षात ठेवला.

त्याच वर्षी डिसेंबरात काना-प्ल्यूस वाहिनीवर ‘आंग्रनाज’ आली. या शब्दाचा अर्थ एकमेकांत अडकलेली दातेरी चाकं. ‘आंग्रनाजमध्ये बोट घातलं’ असं फ्रेंच लोक म्हणतात, ते आपण उसाच्या चरकाबद्दल म्हणू तसंच: बोट सापडलं की पाठोपाठ हात जातो. पॅरिसचे पोलीस, न्यायाधीश आणि वकील यांची ही कथा. ओद्रे यात जोझेफीन कार्ल्सन, हुशार, देखणी आणि पैशासाठी काहीही करायला तयार असलेली वकील.

आता या मालिकेचं वेळापत्रक बघा. सीझन आले २००५, २००८, २०१०, २०१२, २०१४, २०१७, २०१९ आणि २०२० साली. पंधरा वर्षांत आठ सीझन, मिळून ८६ भाग. आपल्याकडे तेवढे भाग साडेतीन-चार महिन्यांत होतात! एका सीझनचं चित्रीकरण काही महिने चालतं, मग लेखक पुन्हा लिहायला बसतात आणि नट मोकळे. त्या मोकळ्या काळात ओद्रेनं २००९ मध्ये फ्रान्स-३ वरची तिसरी मालिका घेतली, दुसऱ्या महायुद्धातल्या एका गावाची. तिच्याबद्दल पुढे येईलच. म्हणजे तिघींच्याही भोवती वर्षाचे रिकामे महिने होते आणि ती त्यांत दुसरी कामं बसवत गेली. तुमच्या वर्षात रिकामे महिनेच नाहीत.

दुसरी गोष्ट पोटाची. रिकाम्या महिन्यांत खायचं काय? फ्रान्समध्ये नट कायद्याच्या नजरेत पगारदार कामगार असतो, दोन दिवसांचं काम असलं तरी. बारा महिन्यांत ५०७ तास भरले की काम नसलेल्या दिवसांसाठी बेकारभत्ता मिळतो. दिवसाच्या ठरावीक मानधनाला बारा तास धरतात, म्हणजे वर्षाला ४३ दिवस झाले की हिशोब बसला. तिथली नटमंडळी भेटली की ‘सिनेमा कसा चाललाय’ याआधी ‘तुझे तास भरले का’ असं विचारतात. ही सोय टिकवण्यासाठी त्यांनी वेळोवेळी संप केले आहेत. २००३ च्या संपात आव्हिन्योंचा नाट्यमहोत्सवच रद्द झाला होता. भत्त्यावर कोणी श्रीमंत होत नाही. पण नको असलेली भूमिका नाकारण्याइतका श्वास मिळतो. आपल्याकडे मात्र नव्वद दिवसांनी येणाऱ्या चेकची वाट बघायची.

तुम्हाला मालिका सोडा असं सांगायला मी कोण? पण पुढचा करार करताना, वर्षातला एक सलग महिना नाटकासाठी मागून बघा. ‘नाही’ म्हणतील. लेखी मागा, तरीही.

प्रश्न : मी फौजदारी वकिली करतो. ‘स्पायरल’ नावानं ती ‘आंग्रनाज’ मालिका पाहिली. तुमच्या वकीलीणबाई अशिलाला भेटायला पोलीस ठाण्यात जातात आणि गप्प बसतात! आम्ही असं केलं तर अशील दुसरा वकील करेल. (अॅडव्होकेट, कोल्हापूर)

उत्तर : तो दोष जोझेफीनचा नव्हे, त्यांच्या कायद्याचा. मालिका सुरू झाली तेव्हा फ्रान्समध्ये चौकशीच्या खोलीत वकिलाला जागाच नव्हती. अटकेनंतर अशिलाला अर्धा तास एकांतात भेटायचं, धीर द्यायचा, बाहेर पडायचं. एप्रिल २०११ च्या कायद्यानं वकिलाला जबाब घेताना शेजारी बसायची परवानगी दिली. तुम्ही पाहिलेला भाग अगदी सुरुवातीचा असणार. कोठडी तिथं २४ तासांची, ती ४८ पर्यंत वाढवता येते, गंभीर गुन्ह्यांत आणखी. ‘२४ तासांत मॅजिस्ट्रेटपुढे’ या आपल्या घटनेतल्या २२ व्या कलमाची सवय असलेल्या माणसाला ते खटकणारच.

दुसरं म्हणजे तिथं तपासावर न्यायाधीशाचा ताबा असतो. मोठ्या गुन्ह्यात ‘तपास न्यायाधीश’ नेमतात. तो पोलिसांना कामाला लावतो, साक्षीदार बोलावतो, झडतीचे हुकूम देतो. मालिकेतले म्हातारे रोबां न्यायाधीश ते हेच. त्यामुळे जोझेफीनची खरी लढाई न्यायालयातल्या भाषणात कमी आणि फाइलमधल्या चुका शोधण्यात जास्त असते. मालिकेची कल्पना आलेक्सांद्रा क्लेर या बाईंची आणि त्या स्वतः आधी वकिली करत होत्या, हे तुमच्यासाठी मुद्दाम सांगते.

अभिनयाबद्दल माझं मत: जोझेफीन हे ओद्रेचं सगळ्यात चांगलं काम आहे, मॉर्गानपेक्षाही. पहिल्या सीझनमध्ये ती निव्वळ थंड आहे, जवळजवळ कार्टून. पण पंधरा वर्षं एकच बाई करत राहिल्यावर नटीच्या चेहऱ्यावर वय येतं, आवाज खाली उतरतो आणि भूमिकेला ते सगळं फुकटात मिळतं. शेवटच्या सीझनमधली जोझेफीन बघताना मला पहिल्या सीझनमधली तिची चाल आठवते आणि पोटात कालवतं. २०१५ साली या मालिकेला सर्वोत्तम नाट्यमालिकेचा आंतरराष्ट्रीय एमी मिळाला.

आणि हो, पॅरिसच्या वकिलांच्या काळ्या झग्यावर खांद्यावरून एक पट्टी येते. बाहेरगावच्या वकिलांच्या पट्टीला टोकाला पांढरी फर असते, पॅरिसवाल्यांच्या पट्टीला नसते. पुढच्या वेळी बघा.

प्रश्न : दोन वर्षांपूर्वी याच सदरात तुम्ही ‘एक फ्रेंच गाव’ या मालिकेतल्या ऑर्तांसला ‘कणा नसलेली बाई’ म्हटलं होतं. मी इतिहास शिकवते. मला ते पटलं नव्हतं, तेव्हा लिहायचं राहिलं. (शिक्षिका, रत्नागिरी)

उत्तर : बरं झालं लिहिलंत. मलाही आता पटत नाही.

ज्यांनी मालिका पाहिली नाही त्यांच्यासाठी: जुरा भागातलं व्हिलनव नावाचं काल्पनिक गाव, जून १९४०, जर्मन फौजा आत शिरतात. गावचा डॉक्टर नाइलाजानं नगराध्यक्ष होतो, कारण बाकीचे पळालेत. त्याची बायको ऑर्तांस म्हणजे ओद्रे. एका निर्वासित स्पॅनिश बाईचं तान्हं बाळ हे जोडपं घरी आणतं. मग ऑर्तांस आधी एका फ्रेंच पोलिसाच्या आणि पुढे म्युलर नावाच्या जर्मन गुप्तचर अधिकाऱ्याच्या प्रेमात पडते. हा म्युलर माणसांचे हालहाल करतो आणि संध्याकाळी तिच्याकडे येतो.

२००९ ते २०१७, सात सीझन, ७२ भाग. मी पहिल्यांदा सलग पाहिली तेव्हा ऑर्तांसचा मला इतका राग आला की मी ते विशेषण वापरून मोकळी झाले. पुन्हा पाहिली तेव्हा लक्षात आलं, मला राग आला कारण ओद्रे तिला कुठंच माफी मागायला लावत नाही. दुसरी एखादी नटी डोळ्यांत पाणी आणून ‘बिचारी, तिलाही मन आहे’ असं आपल्याला समजावून सांगती. ही समजावत नाही. कंटाळलेली, हावरी, स्वतःच्या सुखासाठी आंधळी झालेली, आणि तरीही ते बाळ छातीशी धरताना खरी. गावातले चांगले लोकही दर आठवड्याला थोडं थोडं नमतं घेत असतात. ऑर्तांसचं फक्त उघड्यावर दिसतं. इतिहासकार जाँ-पियेर आझेमा या मालिकेचे सल्लागार होते. फ्रान्समध्ये ‘आम्ही सगळे प्रतिकार करणारे’ ही गोष्ट शाळेपासून ऐकलेल्या लोकांना हे बघायला लावणं सोपं नव्हतं.

‘कणा नसलेली’ हे शब्द मी मागे घेते. ‘कणा दुसऱ्याच दिशेला वाकलेली’ चालेल का?

प्रश्न : आमच्या सोलापुरात तेलुगू ‘ऊपिरी’ थिएटरात पाहिला होता. नंतर कळलं की तो मूळचा फ्रेंच. त्यात तमन्नानं केलेली सेक्रेटरी मूळ सिनेमात कोण? (एक वाचक, सोलापूर)

उत्तर : पुन्हा आमच्या याच बाई! मूळ सिनेमा ‘अँतुशाब्ल’, नोव्हेंबर २०११. फ्रान्समध्ये त्याची एक कोटी नव्वद लाखांहून जास्त तिकिटं खपली. मानेखाली लुळा पडलेला श्रीमंत माणूस आणि त्याची सेवा करायला आलेला उपनगरातला पोरगा. नागार्जुन आणि कार्तीनं केलेल्या भूमिका तिथं फ्राँस्वा क्लुझे आणि ओमार सी यांच्या. ओद्रे त्यात मागाली, श्रीमंत घरातली सेक्रेटरी, जिच्यावर ओमार सी सिनेमाभर लाइन मारतो आणि शेवटी तोंडघशी पडतो. तेलुगूत त्या भूमिकेची नायिका झाली, गाणी आली. फ्रेंचमध्ये ती मोजून काही मिनिटं आहे.

त्या काही मिनिटांनी तिला सिनेमाचं दार उघडलं, पण घर मिळालं नाही. पुढच्या काही वर्षांत तिनं बरेच सिनेमे केले. २०१३ च्या ‘ले रेन द्यु रिंग’मध्ये सुपरमार्केटमधल्या चार बायका कुस्तीच्या आखाड्यात उतरतात. त्यातली जेसिका म्हणजे ओद्रे. तुमच्याकडच्या लोकांना कुस्ती कळते, तुम्ही तो पाहू नका. मला तो रविवारी दुपारी जेवून बसल्यावर ठीक वाटला.

एके काळी तिथले सिनेमावाले टीव्हीकडे खालच्या पंगतीला बसवल्यासारखं बघायचे. बुधवार, शुक्रवार, शनिवारच्या संध्याकाळी टीव्हीवर सिनेमे दाखवायला कित्येक वर्षं बंदी होती, का तर लोकांनी थिएटरात जावं. ती २०२० मध्ये सैल झाली. ओद्रेनं दोन्ही पंगतीत ताट मांडलं, पण तिचं पोट भरलं ते टीव्हीवर.

प्रश्न : नेटफ्लिक्सवर ‘द बॉनफायर ऑफ डेस्टिनी’ ही आगीची मालिका पाहिली. एवढी मोठी आग खरंच लागली होती का, की आपल्यासारखं ‘सत्य घटनेवर आधारित’? (गृहिणी, डोंबिवली)

उत्तर : खरंच लागली होती. पॅरिस, ४ मे १८९७, रू (म्हणजे रस्ता) जाँ-गुजाँ. बड्या घरच्या बायकांचा दानधर्माचा बाजार, लाकडी मांडव, आत जुन्या काळची गल्ली रंगवलेले कापडी पडदे. कोपऱ्यात नवलाई म्हणून सिनेमा ठेवला होता. ल्युमिएर बंधूंचा पॅरिसमधला पहिला खेळ होऊन जेमतेम सोळा महिने झाले होते, आपल्या मुंबईच्या वॉटसन हॉटेलातल्या खेळाला दहा. प्रोजेक्टरचा दिवा ईथरवर चालायचा. त्यात ईथर भरताना काडी ओढली गेली आणि पेट घेतला. सव्वाशेच्या आसपास माणसं गेली, जवळजवळ सगळ्या बायका. ऑस्ट्रियाच्या सम्राज्ञीची धाकटी बहीणही गेली. शेजारच्या हॉटेलातल्या लोकांनी स्वयंपाकघराच्या खिडकीचे गज तोडून कित्येकींना ओढून काढलं. पुरुष काठ्यांनी वाट काढत पळाले अशी बोंब तेव्हाच्या वर्तमानपत्रांनी केली होती, मालिकेत ते घेतलं आहे.

ओद्रे यात आद्रिएन. क्रूर, राजकारणी नवऱ्याच्या तावडीतून सुटू बघणारी. आगीच्या वेळी ती बाजारात नसतेच. सगळे तिला मेलेली समजतात, आणि तेच तिला सुटायचं दार वाटतं. ही मालिका २०१९ ची, आठ भागांची. तिच्या तिन्ही नायिका पुढे २०२२ च्या ‘ले काँबातांत’मध्ये पुन्हा एकत्र आल्या. काळ १९१४, पहिलं महायुद्ध, आणि ओद्रे एकदम वेश्यावस्तीत. मुलाच्या शोधात आलेली मार्गरित.

या आगीच्या निमित्तानं एक सांगायचं राहत होतं. ओद्रेचे वडील पॅरिसच्या अग्निशामक दलात होते आणि त्यांची नेमणूक होती कोमेदी-फ्राँसेजमध्ये, १६८० पासून चालू असलेल्या राष्ट्रीय नाटकमंडळीत. पॅरिसचं अग्निशामक दल लष्करी असतं. एका मेजवानीत भयंकर आग लागल्यावर नेपोलियननं १८११ मध्ये ते उभं केलं. असा गणवेशातला माणूस नाटक चालू असताना विंगेत उभा राहून प्रयोग बघतो, म्हणजे ज्वाळा बघायला आलेला असतो आणि मोलिएर ऐकून जातो. ही पोर वडिलांबरोबर तिथं जायची. पुढे तिनं लियोंच्या नाट्यशाळेत रीतसर शिक्षण घेतलं, पण सुरुवात विंगेतली. प्रेक्षागृहातून नाटक बघणाऱ्याला नट देव वाटतात. विंगेतून बघणाऱ्याला त्यांचा घाम दिसतो.

प्रश्न : ताई, स्वतःच्या भाषेत एवढ्या गुणी नट्या असताना या परक्या बाईचं कौतुक कशाला? (एक नाराज वाचक, सातारा)

उत्तर : मराठी नट्यांबद्दल मागच्या चार अंकांत लिहिलं, तेव्हा आपलं पत्र आलं नाही.

प्रश्न : फ्रेंचची बी-१ परीक्षा द्यायची आहे. यातली कुठली मालिका बघून भाषा सुधारेल? (आयटीतला तरुण, बंगळूर)

उत्तर : मॉर्गानपासून सुरुवात करू नका. ती गाडी सुटल्यासारखी बोलते, नकारातला अर्धा शब्द खाते, शिव्या तर विचारूच नका. परीक्षकासमोर तशी फ्रेंच आली तर गुण जातील. ‘एक फ्रेंच गाव’ घ्या. जुन्या काळची, पूर्ण वाक्यांची, शाळेतल्यासारखी भाषा. इंग्रजी अक्षरं बंद करा आणि कमी ऐकू येणाऱ्यांसाठीची फ्रेंच अक्षरं लावा. एकतीस वर्षं शिकवूनही मी लीलला मादामच्या टीव्हीवर तीच वाचत होते. मादामना ऐकायला कमी येतं म्हणून ती लावलेली असत, आणि सोय माझी व्हायची.

अमेरिकेत मॉर्गानच्या ‘आश-पे-ई’वरून ‘हाय पोटेन्शियल’ काढली आहे, २०२४ पासून. लीलचं लॉस एंजेलिस झालं आणि कपड्यांचा भडकपणा जरा धुऊन निघाला. ती इंग्रजीत आहे, तेव्हा परीक्षेच्या कामाची नाही.

प्रश्न : सप्टेंबरात आम्ही दोघं युरोपला जातोय. लीलला मॉर्गानचं पोलीस ठाणं बघता येईल का? (एक वाचक, पुणे)

उत्तर : ठाण्याच्या मागे लागू नका. चित्रीकरण लील आणि आसपासच्या गावांत विखुरलेलं होतं, आणि पाचव्या सीझनला मॉर्गाननं निरोप घेतला आहे. पण लीलला जा. पॅरिसहून वेगवान गाडीनं तासाभराचं अंतर. सप्टेंबरच्या पहिल्या शनिवार-रविवारी तिथं ब्रादरी भरते. सगळं शहर रस्त्यावर जुनं सामान मांडून बसतं, आपला जुना बाजार शंभरपट केल्यासारखा. खानावळींत शिंपले (मसल्स) आणि तळलेले बटाटे. रिकामे शिंपले दारासमोर टाकायचे आणि कुणाचा ढीग मोठा यावर चढाओढ. शाकाहारी असाल तर नुसते बटाटे मागा, हसणार नाहीत.

रू एस्केर्मवाझवर मेर नावाचं जुनं दुकान आहे. तिथली व्हॅनिला भरलेली पातळ वाफल घ्या. रांग असते. मादामचं म्हणणं, सकाळी लवकर जावं आणि एक खाऊन झाल्याशिवाय दुसरी मागू नये, कारण दुसरी नेहमी नवऱ्याला द्यावी लागते.